अकलूजहून आलेला अर्ज

सरला सोवनी वाचल्याशिवाय कशावरही सही करत नाही, ही भांडारातली जुनी थट्टा होती. दिवाळीच्या शुभेच्छापत्रावरसुद्धा ती आधी तारीख तपासते, असं लोक म्हणत. त्यामुळे त्या शुक्रवारी सचिव गौरव सहाय यांनी स्टॅम्पपेपर तिच्यापुढे सरकवला तेव्हा त्यांनी अजिबात घाई केली नाही. पेपरवेट फिरवत ते वाट बघत बसले.

कागद एकपानी होता. त्यात दोनच वाक्यं कामाची होती. मार्च आणि एप्रिल १९७९ मध्ये आवक टपालाची नोंदवही माझ्याकडे होती, हे पहिलं. या काळात श्रीमती भानुमती रणपिसे यांचा रजेचा कोणताही अर्ज कार्यालयात आला नाही, हे दुसरं. खाली तिचं नाव आणि हुद्दा टाइप केलेला होता: सहायक व्यवस्थापक, राजधानी कर्मचारी सहकारी भांडार.

पहिलं वाक्य खरं होतं.

"सोमवार को देती हूँ, सर," सरला म्हणाली.

"मॅडम, पढ़ तो लिया आपने. दो लाइन हैं."

"एक बार पुराना रजिस्टर देख लूँ."

"मैंने देख लिया है. कोई एंट्री नहीं है." सहाय हसले. वाईट माणूस नव्हता तो. बत्तीस वर्षांचा, एमबीए झालेला. वर्षभरापूर्वी संचालक मंडळानं त्याला बाहेरून आणलं होतं. दिल्लीतल्या आर. के. पुरमचं हे रेशनच्या दुकानासारखं दिसणारं भांडार त्याला गाझियाबाद-नोएडाच्या नव्या वसाहतींत न्यायचं होतं. ढकलगाड्या, काचेची दारं, थंड हवा. त्यासाठी कर्ज हवं होतं आणि कर्ज देणारे आधी जुनी देणी विचारत होते. "रणपिसे मॅडम का एक केस नहीं है. नौकरी में ऐसे ब्रेक वाले ग्यारह लोग और हैं. एक को पेंशन दी तो सब लाइन में खड़े होंगे. गुरुवार को सुनवाई है, आपका एफिडेविट लग जाए तो बात खत्म."

सरलानं कागदाची घडी न करता तो फायलीत ठेवला आणि ती उठली. दारापाशी पोचेपर्यंत तिच्या कानांच्या पाळ्या गरम झाल्या होत्या. ही तिची जुनी खूण. शाळेत कुणी दुसऱ्यानं वर्गात काही फोडलं तरी कान हिचेच लाल व्हायचे.

*

भानुमती भांडारात लागली फेब्रुवारी १९७० मध्ये, आणि सरला त्याच वर्षी ऑगस्टमध्ये. भानुमती अकलूजची, मॅट्रिक झालेली, विक्री विभागात. सरला सांगलीची, रसायनशास्त्रात बी.एस्सी. सकाळी तिच्याकडे आवक टपाल असायचं आणि दुपारी तपासणीचं टेबल. तूप, हळद, चहा, मोहरीचं तेल यांचे नमुने तिथे यायचे. हळदीवर आम्लाचे दोन थेंब टाकले की ती गुलाबी होते. मग पाणी घालायचं. रंग गेला तर हळद खरी, राहिला तर त्यात रंग मिसळलेला. भानुमती काउंटरवरून ओरडून विचारायची, "काय गं, आज कोण पकडला गेला?"

सगळ्या भांडारात मराठी बोलणाऱ्या या दोघीच. दुपारचा डबा एकत्र, घरची गाऱ्हाणी एकत्र. १९७६ साली सरलाच्या अंशुमनला टायफॉइड झाला. पाच वर्षांचा होता तो. सरलाची रजा संपली होती, नवरा राजाभाऊ दौऱ्यावर. आठ दिवस सरला घरी राहिली आणि आठही दिवस हजेरीपुस्तकात तिची सही पडत राहिली. 'स. सोवनी', सरलासारखीच शेपूट ओढलेली. नवव्या दिवशी ती कामावर आली तेव्हा भानुमती म्हणाली, "तुझी सही फार अवघड आहे बाई. वहीची दोन पानं घालवली सरावात." सरलाला ते आवडलं नव्हतं. पण तिनं खोडूनही टाकलं नव्हतं.

मार्च १९७९ मध्ये अकलूजहून तार आली आणि भानुमती त्याच रात्रीच्या गाडीनं गेली. तिची आई ओसरीवरून पडली होती. जाताना तिनं तोंडी सांगितलं होतं, पण तोंडी सांगणं भांडारात चालत नसे. तीस दिवस अर्जाविना गैरहजर राहिलं की पटावरून नाव कमी, असा नियम होता. हे भानुमतीलाही ठाऊक होतं. म्हणून तिनं अर्ज पाठवला, आणि तो भलत्याच्या हाती पडू नये म्हणून पाकिटावर नाव घातलं सरलाचं. सतरा मार्चला, शनिवारी, ते पाकीट सरलाच्या टेबलावर आलं.

अर्ज मराठीत होता. तेव्हाचे सचिव हिंदी किंवा इंग्रजीशिवाय कागद हातात घेत नसत. मागे एकदा एका तमिळ शिपायाचा अर्ज त्यांनी न वाचता परत दिला होता. सरलानं विचार केला, आपण हिंदीत नीट उतरवून देऊ. तिनं तो उतरवलाही, सुवाच्य अक्षरात, समास सोडून. आणि मग सहीच्या जागेपाशी ती थांबली. सही भानुमतीची हवी. ती आपण कशी करायची? मूळ अर्ज जोडून द्यावा, तर साहेब मूळ अर्जच भिरकावतील. सही करून द्यावी, तर ते खोटं. भानुमती आठ-दहा दिवसांत येईल, आली की सही घेऊ आणि देऊ, असं ठरवून तिनं दोन्ही कागद खणात ठेवले. सही नाही तोवर अर्ज पुरा नाही, म्हणून आवक वहीतही चढवला नाही.

एवढीच गोष्ट. यात दुष्टपणा कुठेच नव्हता. पुढच्या अठरा वर्षांत सरलानं हे स्वतःला अनेकदा समजावलं.

भानुमती दहा दिवसांत आली नाही. मार्चअखेर साठ्याची मोजणी होती, मग अंशुमनची परीक्षा. चार एप्रिलला सकाळी फळ्यावर कागद लागला, 'श्रीमती बी. रणपिसे, नाम काटा गया.'  अजूनही वेळ गेली नव्हती. धावत जाऊन अर्ज पुढे करता आला असता. पण मग साहेब विचारणार, अठरा दिवस हा कुठे होता? सरला सोवनीच्या टेबलावर? जिच्या वहीत एक टाचणी इकडची तिकडे होत नाही तिच्या? ती खुर्चीत बसून राहिली. दुपारपर्यंत बसली, तशी संध्याकाळपर्यंत बसली.

एकवीस एप्रिलला भानुमती परत आली. आईला पोचवून आली होती, कपाळ रापलेलं, हातात एक पिशवी. फळा वाचून ती सरळ सरलाच्या टेबलाशी आली.

"माझा अर्ज?"

"नाही आला गं," सरला म्हणाली.

तीन शब्द. ते बोलण्याआधी तिनं काही ठरवलं नव्हतं.

भानुमतीला तेवीस तारखेपासून पुन्हा घेतलं, पण नवी म्हणून. मागची नऊ वर्षं पुसली गेली. दर जानेवारीला ज्येष्ठता यादी फळ्यावर लागायची आणि प्रत्येकानं आपल्या नावापुढे 'मान्य' लिहून सही करायची, अशी तिथली रीत. भानुमतीचं नाव सरलाच्या वर असायचं, ते आता सहा नावं खाली गेलं. ती यायची, यादीवर बोट फिरवत खाली खाली जायची, सही करायची आणि म्हणायची, "तुझ्या पायाशी बसायची सवय झाली बघ." १९८७ मध्ये सहायक व्यवस्थापकाची जागा ज्येष्ठतेनं भरली तेव्हा ती सरलाला मिळाली. भानुमतीनं पेढे वाटले.

आता ती निवृत्त झाली होती. भांडाराच्या निवृत्तिवेतनाला वीस वर्षांची सलग नोकरी लागते. तिची भरली अठरा वर्षं एक महिना.

*

राजाभाऊ बाल्कनीत स्वेटर घालून वर्तमानपत्र वाचत होते. गाझियाबादच्या वैशाली वसाहतीतली ही सदनिका त्यांनी दीड वर्षापूर्वी घेतली. निवृत्तीनंतर आर. के. पुरमचं सरकारी घर सोडावं लागलं तेव्हा दिल्लीत परवडण्यासारखं काहीच नव्हतं. इथे समोर अजून मोहरीचं शेत होतं आणि शेताच्या पलीकडे सात मजल्यांचे सांगाडे. कर्जाचे हप्ते सरलाच्या पगारातून जायचे. पुढच्या वर्षी डिसेंबरात ती निवृत्त झाली की पेन्शनमधून.

सरलानं चहा आणून दिला आणि समोर बसली. मग सांगितलं. पहिल्यापासून, तारखांसकट. लग्नाला एकतीस वर्षं झाली होती आणि हे ती पहिल्यांदा सांगत होती. राजाभाऊंनी मध्ये एकदाही थांबवलं नाही. चहा तसाच राहिला, त्यावर साय धरली.

"तो अर्ज कुठे आहे?" त्यांनी विचारलं.

"माझ्या कॉलेजच्या जर्नलमध्ये. ट्रंकेत."

"अठरा वर्षं जपून ठेवलास?"

"टाकता नाही आला."

राजाभाऊंनी चष्मा काढून पुसला. तीस वर्षं केंद्र सरकारच्या फायली हलवल्या होत्या त्यांनी. "हे बघ, खोटं लिहून देऊ नकोस, ते मलाही नको. पण सांगायला तरी कुणी सांगितलंय? 'मला आठवत नाही' असं लिही. अठरा वर्षांपूर्वीचं कुणाला आठवतं? बिल्कुल चालतं. साक्षीदार रोज लिहून देतात."

"मला आठवतंय."

"अगं, ते तुला आणि मला माहीत." त्यांनी समोरच्या शेताकडे पाहिलं. "तुझी चौकशी लावतील. दहा वर्षांची बढती काढून घेतील, फरक वसूल करतील. पेन्शन अडकवतील. हप्ते कुठून भरायचे? अंशुमनकडे मागायचे?"

"नाही."

"मग?"

 'आठवत नाही' हे शब्द तिच्या मनात आधीच येऊन गेले होते. सहायांच्या खोलीतून बाहेर पडून जिना उतरेपर्यंतच आले होते, आणि आवडलेही होते. नवऱ्याच्या तोंडून ऐकल्यावर त्यांचा खरा रंग दिसला, इतकंच.

"टायफॉइडमध्ये तिनं अंशुमनसाठी पेज आणली होती रोज," राजाभाऊ थोड्या वेळानं म्हणाले. जणू कुणाशी तरी भांडण हरल्यासारखे. "काळ्या कडीच्या डब्यातून."

"हो."

त्यांनी सायीचा चहा एका घोटात संपवला आणि आत जाऊन पलंगाखालची ट्रंक ओढून काढली.

*

रविवारी सकाळी सरला दोन बस बदलून आर. के. पुरमला गेली. भानुमती आता मुलीकडे राहत होती. जावई कुठल्याशा मंत्रालयात होता, सेक्टर चारमध्ये त्यांना घर होतं. तेजश्रीनं दार उघडलं.

"या मावशी. आई तुमचंच नाव घेत होती. शंभर वर्षं आयुष्य बघा."

भानुमती उन्हात सतरंजीवर मटार सोलत बसली होती. केस पार पांढरे झाले होते, गुडघ्याला पट्टा होता. तिनं हातानंच बस म्हणून खुणावलं आणि मटाराचा ढीग दोघींच्या मध्ये सरकवला. सरलाही सोलू लागली. हात रिकामे ठेवायची दोघींनाही सवय नव्हती.

"तुला त्या पोरानं कागद दिला असेल ना सहीला," भानुमती म्हणाली. "आमचा वकील म्हणत होता, देणार म्हणून. तू टेन्शन घेऊ नको."

"भानू, मी त्याबद्दलच..."

"ऐक आधी. मी वकिलाला सांगून टाकलंय. म्हटलं, सरला सोवनी आवक वहीवर होती. पत्र आलं असतं तर तिनं चढवलंच असतं. ती बाई वाण्याच्या चिठ्ठीलासुद्धा नंबर देते. म्हणजे पोस्टातच गेलं. तेव्हा तिला खोट्यात पाडायचं नाही. तू खरं तेच लिहून दे. नाही आलं तर नाही आलं." तिनं एक शेंग मोडली. "मिळायचं असेल तर मिळेल. नाहीतर तेजू आहेच. जावई तोंडानं काही बोलत नाही, पण औषधाची चिठ्ठी दोनदा वाचतो. ते आपलं मलाच लागतं."

सरलाच्या हातातली शेंग तशीच राहिली. कान पेटले, मग गाल, मग मान. इतकी वर्षं तिला वाटायचं की भानुमतीला कधीतरी शंका आली असेल, आणि त्या शंकेचा तिला आधार वाटायचा. शंका असती तर निम्मा हिशेब तरी तिकडे मांडला गेला असता. इथे शंका नव्हतीच.

तिनं पर्समधून पाकीट काढलं आणि मटारांवर ठेवलं.

भानुमतीनं हात पदराला पुसले. चष्मा शोधला. पाकिटावरचं स्वतःचं अक्षर तिनं बराच वेळ पाहिलं, मग आतले कागद काढले. आधी तिचा अर्ज. मग सरलानं हिंदीत उतरवलेली सुवाच्य प्रत, खाली सहीची जागा कोरी. मग अर्जासोबत तिनंच तेव्हा पाठवलेली चिठ्ठी. चिठ्ठी तिनं मोठ्यानं वाचली, पहिलीतल्या मुलीसारखी एकेक शब्द धरून.

"'सरला, हे साहेबांना दे. आईचं काही खरं नाही. माझ्या खणात लिंबाच्या लोणच्याची बरणी आहे, ती घरी ने, नाहीतर बुरशी येईल. अंशुमनला आवडतं.'"

आत कुकरची शिटी झाली. तेजश्रीनं आतून काहीतरी विचारलं.

"बरणी धुऊन ठेवली होतीस तू," भानुमती म्हणाली. "मी आले तेव्हा खणात होती. फडक्यात गुंडाळून. मला वाटलं, किती समजूतदार. न सांगता केलं."

सरला मटाराची सालं गोळा करू लागली.

"पोस्टाला शिव्या घातल्या मी. अकलूजच्या त्या पोस्टमनच्या बायकोशी बोलणं टाकलं होतं. मेली बिचारी गेल्या वर्षी."

"भानू, माझी चूक..."

"थांब." भानुमतीनं हिंदी प्रत उन्हात धरली. "हे इतकं छान लिहिलंस, आणि खाली दोन अक्षरं नाही घालता आली? भा. रणपिसे? मी तुझी आठ दिवस घातली होती."

"ते खोटं झालं असतं असं वाटलं मला."

"आणि 'नाही आला गं' म्हणालीस ते?"

सरलानं पुष्कळ वर्षं या प्रश्नाचं उत्तर तयार करून ठेवलं होतं. ते आता तोंडाशी आलंच नाही. तिनं बोलायचं ठरवून आणलेलं दुसरंच बाहेर पडलं. "मी सगळं सांगणार आहे गुरुवारी. हा अर्ज सतरा मार्चला आला होता, मी दाबून ठेवला. अंशुमनच्या टायफॉइडच्या वेळची माझी आठ दिवसांची हजेरीही सांगणार. सलग नोकरी माझीही नव्हती. म्हणजे एकदाच सगळं..."

"ते नाही सांगायचं."

"पण ते खरं आहे."

"खरं आहे. खोट्या सह्या कुणी केल्या मग? मी. तो पोरगा टपूनच बसलाय. गैरवर्तन म्हणून माझी ग्रॅच्युइटीही धरून ठेवेल." भानुमतीचा आवाज चढला नव्हता. भाजी निवडताना किडकी शेंग बाजूला काढावी तशी ती बोलत होती. "तुला हलकं व्हायचंय, कळतं मला. पण माझ्या जिवावर नको. अर्जाचं सांग, ते माझं आहे. ते आठ दिवस तुझ्यापाशीच ठेव."

तेजश्री चहा घेऊन आली. दोघींकडे पाहून ती क्षणभर दारातच थांबली.

"मावशी, साखर?"

"मावशी निघाल्यात," भानुमती म्हणाली. "त्यांची बस आहे." मग कागद एकावर एक जुळवून तिनं पाकिटात घातले आणि पाकीट सरलाला परत दिलं. "गुरुवारी मूळ कागद आण. झेरॉक्स नको. आणि आधी नोंद कर त्याची. तुझ्या हातानं."

*

सोमवारी सरला नेहमीपेक्षा अर्धा तास लवकर आली. आवक टपाल हल्ली पार्वतीकडे होतं. पौडी गढवालची, हसतमुख बाई, स्वेटर विणत विणत शिक्के मारणारी.

"पार्वती, एक काग़ज़ चढ़ाना है. रजिस्टर मुझे दो."

"आप क्यों मॅडम, मैं चढ़ा देती हूँ."

"नहीं, मेरा काम है. पुराना है."

वही तीच होती, म्हणजे तशीच: लाल कापडी पाठ, आडवे सात रकाने. सरलानं पेन उघडलं. अनुक्रमांक ९१८. कोणाकडून: श्रीमती भानुमती रणपिसे, अकलूज. विषय: रजेचा अर्ज, मराठी, सोबत हिंदी प्रत, सहीविना. पत्राची तारीख: १२.३.१९७९. मग 'प्राप्त दिनांक' हा रकाना आला.

"आज की डेट डालिए न मॅडम," पार्वती खांद्यावरून बघत म्हणाली. "नहीं तो ऑडिट वाले पकड़ेंगे. ऊपर-नीचे सब नवंबर सत्तानवे है."

सरलानं १७.३.१९७९ लिहिलं. शेवटच्या रकान्यात, जिथे टपाल कुणाला दिलं ते लिहितात, तिथे तिनं स्वतःचं नाव घातलं आणि पूर्ण सही केली. पार्वतीच्या सुया थांबल्या होत्या.

सहायांनी ते पाकीट पाहिलं तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर राग आधी आला नाही, गोंधळ आला. त्यांना वाटलं होतं की भांडारात निदान ही एक बाई हिशेबाची आहे.

"मॅडम, समझ रही हैं आप? आपकी अपनी पेंशन पर बात आएगी."

"जी."

"यह काग़ज़ आपने घर पे रखा? अठारह साल?"

"जी."

"क्यों?"

सरलानं सहीविना स्टॅम्पपेपर त्यांच्या टेबलावर ठेवला. तो कोपऱ्याशी थोडा वर आला होता, तिनं बोटानं सपाट केला. 

*

सहकार निबंधकांच्या कार्यालयातली लवादाची खोली लहान होती. एक टेबल, मागे टीनची कपाटं, भिंतीलगत चार खुर्च्या. भानुमती तेजश्रीसोबत खिडकीकडच्या खुर्चीवर बसली होती, गुडघा लांब करून. सरला आल्यावर तिनं पाहिलं नाही, आणि मुद्दाम नजर फिरवलीही नाही. बसच्या रांगेत परकी बाई शेजारी येऊन उभी राहावी तसं तिचं झालं.

लवाद म्हणून बसलेले वयस्क अधिकारी थंडीनं आखडलेल्या हातांनी कागद चाळत होते. त्यांनी पाकिटावरचा पोस्टाचा शिक्का भिंगातून पाहिला. मग सरलाला एकेक विचारत गेले आणि सरला एकेक सांगत गेली. आवक तिच्याकडे होती का. होती. पाकीट कधी मिळालं. सतरा मार्चला. सचिवांना का दिलं नाही. अर्ज मराठीत होता, तो हिंदीत उतरवला, सहीसाठी थांबले. तीस दिवस भरतायत हे माहीत होतं का.

"माहीत होतं," ती हिंदीतून म्हणाली. "मोजत होते."

"नाव कमी झाल्यावर का नाही सांगितलं?"

"तब शर्म आई, साहब."

भांडाराचा वकील काहीतरी लिहीत होता, तो थांबला. अधिकाऱ्यांनी चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं.

"और उसके बाद प्रमोशन ले लिया?"

"जी."

"तब शर्म नहीं आई?"

"तब भी आई."

त्यांनी पाकीट पुन्हा फायलीत ठेवलं. मग लेखनिकाला सावकाश सांगू लागले: आवक लिपिकाच्या हाती पडलेला अर्ज म्हणजे संस्थेच्या हाती पडलेला अर्ज. सबब नाव कमी करणं गैर. अर्जदार बाईंची नोकरी फेब्रुवारी १९७० पासून सलग धरावी, निवृत्तिवेतन त्याप्रमाणे काढावं. श्रीमती सोवनी यांच्या बढतीबाबत संस्थेनं स्वतंत्र चौकशी करावी. लेखनिकाचं टंकयंत्र प्रत्येक ओळीच्या शेवटी घंटा वाजवत होतं. खिडकीपाशी तेजश्रीनं आईचा हात धरला. भानुमतीनं तो काढून घेतला आणि पदर सारखा केला.

सरलाला वाटलं होतं, हे ऐकल्यावर छातीतलं काहीतरी सुटेल. पण काही सुटलं नाही. तिथे अजून हजेरीपुस्तकातले ते आठ दिवस होते.

अधिकाऱ्यांनी फाईल बांधायला घेतली. नाडीची गाठ मारता मारता त्यांनी रिवाजाप्रमाणे विचारलं, "आपको और कुछ कहना है?"

सरलानं खिडकीकडे पाहिलं. भानुमती आता तिच्याकडेच बघत होती, अकलूजहून आल्यावर टेबलाशी उभी राहून बघत होती तशी, उत्तराची वाट बघत.

"नहीं," सरला म्हणाली.

भानुमतीनं मान वळवली, गुडघ्यावर हात टेकून उठली आणि तेजश्रीच्या खांद्याला धरून बाहेर गेली. सरला लेखनिकानं पुढे केलेल्या जबानीपाशी थांबली. तिनं ती पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचली. त्यात लिहिलेलं सगळं खरं होतं. कान गरम झालेले तिला जाणवत होते. तिनं तारीख तपासली आणि सही केली.